बटणावरचं रडणं

बाई रडत होती. मोठ्यानं, गळा फाडून, मेल्यामागे रडतात तशी.

मी पोळी लाटत होते. लाटणं टाकलं आणि कणकेचे हात तसेच घेऊन जिन्यात धावले. आमच्या भागात रीत आहे. बाईचा असा गळा कानावर आला की हातातलं काम टाकायचं आणि जायचं. तवा तापलेला असला तरी. तिच्याशी भांडण असलं तरी. दार शोधायचं, आत जायचं, तिच्यासमोर बसायचं. पुढचं आपोआप होतं.

समोरच्या फ्लॅटची बेल दाबली. तिथले आजोबा बाहेर आले. हातात वर्तमानपत्र.

"कोण गेलं?" मी विचारलं.

त्यांनी माझ्या हातांकडे पाहिलं, मग चष्म्यावरून माझ्याकडे. "आमच्याकडचं अजून कुणी नाही. घाई आहे का आपल्याला?"

तेवढ्यात ती बाई पुन्हा रडली. माझ्या पाठीमागे. मी ज्या घरातून धावत आले होते त्याच घरात.

"सुमे वं, माह्या सोन्या, मले टाकून कुठी गेली वं! तुह्या दिपीले कोनाच्या पदरात टाकू वं!"

सुमन माझी मुलगी. काही महिन्यांपूर्वी गेली. दीपाली तिची मुलगी, माझी नात. ती रडणारी बाई मी होते.

स्वतःचा आवाज माणसाला बाहेरून ओळखू येत नाही. मी माझ्याच रडण्याला धावून गेले होते.

मग हसणं आलं. तीन-चार मुलांचं. एक म्हणाला, "भावा, परत लाव, परत लाव, तो शेवटचा भाग. वंऽऽऽ!"

आजोबांनी दार लावून घेतलं.

मी आत आले. सदाशिव पेठेतलं ते घर. तिथं मी खूप वर्षं पोळ्या केल्या. वहिनी बँकेत आहेत, साहेब कॉलेजात शिकवतात. मुलगा तन्मय, इंजिनीअरिंगला. तो शाळेत जायचा तेव्हापासून माझ्या हातची पोळी खातो. मी त्याला दादा म्हणायचे. तन्मयदादा. वयानं नातवाएवढा, तरी दादा. कामाच्या घरातल्या मुलाला दादा म्हणायचं असतं. हे कुणी शिकवत नाही, तरी सगळ्या बायांना येतं.

त्याच्या खोलीच्या दारात गेले. तो टॅबवर बंदुकांचा खेळ खेळत होता. आता घरोघरी आहे हा खेळ. चार जणांची टीम असते. चौघं चार घरांत बसतात आणि माइकवरून एकमेकांशी बोलतात. तन्मय इथं, एक नारायण पेठेत, एक कसब्यात, एक कुठं बाहेरगावी. "डावीकडून येतोय." "मागे बघ." "गोळ्या टाक." एरवी ते त्याच्या कानात असायचं. त्या दिवशी हेडफोन बिघडला होता, म्हणून सगळं स्पीकरवर.

त्या खेळात गोळी लागली की माणूस लगेच मरत नाही. गुडघ्यावर येतो, सरपटतो. तेवढ्या वेळात बाकीच्यांनी धावत येऊन त्याला उचलायचं. नाही उचललं तर मग मरतो. याला ही मुलं डाऊन होणं म्हणतात. त्यांच्यातला कुणी डाऊन झाला की एक जण बटण दाबायचा. आणि मी रडायचे.

मला बघून तन्मयनं टॅब पालथा ठेवला. पालथ्या टॅबमधून आवाज येतच होता. "अरे कुठे गेलास? मीपण डाऊन. मावशी लाव ना कुणीतरी."

मावशी म्हणजे मी. माझ्या रडण्याला त्यांनी नाव ठेवलं होतं.

"दादा, हे काय आहे?"

"काही नाही मावशी. मीम आहे."

"म्हणजे काय?"

"म्हणजे... जोक."

आता तो दिवस सांगते, ज्या दिवशी मी खरी रडले.

सुमनला वाशीमकडे दिली होती. कावीळ झाली. आधी गावात झाडपाला, मग तालुक्याचा दवाखाना, मग जिल्ह्याचा. मी निघणारच होते. वहिनींकडे जेवायला माणसं होती. "मावशी, तेवढं आजचं उरका आणि रात्रीच्या गाडीनं जा," असं ठरलं. मी उरकत होते. फोन ओट्यापाशीच आला. जावई बोलला नाही, त्याचा भाऊ बोलला. "मावशी, सुमनवहिनी गेली."

मी ओट्याला धरून खाली बसले आणि रडले. आमच्याकडे बाया मुक्यानं रडत नाहीत. बोलून रडतात. त्याला चाल असते. मेलेल्याला नावानं हाक मारायची, तिचं काय काय मागे राहिलं ते तिला सांगायचं, तिलाच जाब विचारायचा. माझी आई तशी रडायची, तिची आई तशी. जी बोलून रडत नाही तिला माया नव्हती असं म्हणतात. एकीनं एक ओळ म्हटली की दुसरी गळ्यात पडून पुढची उचलते. मी पहिली ओळ म्हटली आणि थांबले. उचलायला कुणी नव्हतं. मग पुढची मीच म्हटली.

वहिनी धावत आल्या. आधी गॅस बंद केला, मग खिडकी लावली. मग मला पाणी दिलं. साहेब दारात उभे राहून म्हणाले, "मावशी, रडा, मोकळ्या व्हा. पण जरा हळू. बिल्डिंगमध्ये आवाज जातो."

मी पदर तोंडात कोंबला.

बाहेर जेवायला आलेल्यांतली एक बाई वहिनींना विचारत होती, "त्यांच्यात असंच गाऊन रडतात का गं?" त्यांच्यात. हा शब्द मी जन्मभर ऐकलाय. त्यांच्यात असंच खातात. त्यांच्यात असंच बोलतात. आता त्यांच्यात असंच रडतात.

तन्मयच्या खोलीचं दार उघडं होतं. तो खेळत होता. माइक चालू होता. बिल्डिंगमध्ये आवाज गेला नाही. त्या तीन मुलांच्या कानात गेला. त्यातल्या कसब्यातल्या ओंकारनं तो धरून ठेवला.

हे सगळं मला त्या पालथ्या टॅबच्या दिवशी कळलं. वहिनी बँकेतून येईपर्यंत मी थांबले आणि त्यांना सांगितलं. त्यांचा चेहरा पडला, खोटं कशाला सांगू. त्यांनी तन्मयला बाहेर बोलावलं.

"तन्मय, काय ऐकतेय मी हे? लाज वाटते का काही?"

"मम्मा, मी नाही केलं रेकॉर्ड. ओंकारने केलं. मी त्याला म्हटलं होतं, नको."

"डिलीट करायला सांग."

"सांगतो. पण ते आता खूप जणांकडे गेलंय. ग्रुपवर टाकलं त्याने."

"सॉरी म्हण मावशींना."

"सॉरी मावशी."

पाणी मागावं इतक्या सहज म्हणाला. मग वहिनी मला स्वयंपाकघरात घेऊन गेल्या. "मुलं आहेत हो मावशी. मरण म्हणजे काय ते कुठे ठाऊक आहे त्यांना. आणि एक सांगू का, त्यात तुमचं नाव नाही, फोटो नाही. कुणाला कळणार आहे तुम्ही आहात ते?"

"मला कळतं ना."

"ते आहेच," वहिनी म्हणाल्या. मग म्हणाल्या, "उद्या भोपळ्याचे घारगे कराल का? यांना फार आवडतात."

मी घारगे केले. ते घर सोडलं तर या वयात दुसरं कोण देणार होतं? आणि आता माझं एकटीचं पोट नव्हतं.

दीपाली माझ्याकडे आली होती. जावयानं दुसरं लग्न ठरवलं आणि मुलगी आणून माझ्या दारात सोडली. दांडेकर पुलाजवळच्या वस्तीत माझी एक खोली आहे. पोर सातवीत. आई गेली तेव्हा तिला शेजारच्या घरात बसवून ठेवलं होतं. मातीला पोरींना नेत नाहीत. तिनं आईला नेताना पाहिलं नाही, आईमागे कुणी रडताना ऐकलं नाही, आणि ती स्वतःही रडली नाही. माझ्याकडे आली तीही कोरडी. शाळा करायची, भांडी घासायची, आणि फोन घेऊन बसायची. फोन तिच्या आईचा. त्यावर तोच बंदुकांचा खेळ. वस्तीतल्या पुष्कळ पोरी खेळतात.

आधी मला बरं वाटायचं. पोरीचं मन रमतं. पालथ्या टॅबनंतर मला त्या फोनची धडकी भरली. खूप जणांकडे गेलंय, असं तन्मय म्हणाला होता. एक दिवस हिच्या टीममध्ये असा कुणी लागेल. बटण दाबेल. पोरीला आपली आजी आपल्या आईच्या नावानं रडताना ऐकू येईल, आणि त्यावर हसणं. माझी चेष्टा झाली ती झाली. माझी हाडं जुनी आहेत. पण हे तिच्या कानावर जाऊ नये. मला दुसरं काही नको होतं.

"दिपे, तो खेळ बंद कर."

"काहून?"

"डोळे जातात."

"कोनाचे गेले?"

"बंद कर म्हटलं ना!"

तिनं कानात वायर घातली आणि भिंतीकडे तोंड करून बसली. मी फोन हिसकावला असता. पण तो तिच्या आईचा होता. हात पुढे झाला नाही.

म्हणून मी तन्मयच्या मागे लागले. रोज. "काढलं का दादा?" "हो मावशी." "त्या ओंकारनं?" "हो, हो." "बाकीच्यांनी?" "मावशी, इंटरनेटवरचं असं जात नसतं. सोडा ना आता." साहेबांना सांगितलं. ते शिकवतात, त्यांना समजेल असं वाटलं. ते म्हणाले, "लक्ष दिलंत तर ते वाढेल. दुर्लक्ष करा मावशी. आपोआप मरतं असलं."

मग मी ओंकारच्या घरी गेले. दिवाळीचा फराळ द्यायला वहिनींनी मला एकदा तिथं पाठवलं होतं, म्हणून घर माहीत. कसबा पेठेत बोळात जिना चढून वर. त्याची आई शेवया वाळत घालत होती. मी उंबऱ्याबाहेर उभी राहून सगळं सांगितलं. ती ऐकत होती आणि मान हलवत होती. "शक्यच नाही. आमचा ओंकार मुंगी मारत नाही." मग तिनं हाक मारली. पोरगा बाहेर आला. केस नीट, बोलणं नीट. म्हणाला, "हो आजी, आहे माझ्याकडे. पण मी आता नाही लावत."

"बघू काय आहे ते," आई म्हणाली. त्यानं फोन पुढे केला आणि लावलं.

मी उंबऱ्याबाहेर उभी. ती उंबऱ्याच्या आत. मध्ये मी रडत होते.

ती बाई ऐकत राहिली. आधी कपाळाला आठी पडली. मग ओठ हलले. तिनं पदर तोंडाला लावला. मला वाटलं हिलाही रडू आलं. बाई आहे, आई आहे. तिनं पदर काढला तेव्हा तिच्या तोंडावर हसू होतं. वाईट हसू नव्हतं. लहान मुलाचं गाणं ऐकून येतं तसं. म्हणाली, "चाल किती छान लागलीये हो तुमची. अगदी शिकल्यासारखी."

पोरानं माझ्यासमोर बोट फिरवलं. "हे बघा आजी. गेलं." आणि मी मूर्ख. मला खरं वाटलं. जिना उतरताना माझे पाय हलके झाले होते.

पुढच्याच शनिवारी दुपारी ते पुन्हा वाजलं. वहिनी, साहेब दोघं घरी होते. मी ताटं मांडत होते. तन्मयचं दार लोटलेलं, नवा हेडफोन त्याच्या कानावर. तरी फटीतून बारीक आवाज आला. आता मला तो भिंतीपलीकडूनही ओळखू यायचा.

ताट खाली ठेवलं. आत गेले. त्याच्या डोक्यावरचा हेडफोन काढून घेतला. त्याला तोंडापुढे एक दांडी असते, तिच्यात बोलतात.

"मावशी! मॅच चालू आहे!"

मी दांडीत बोलले. "मी सुमनची आई बोलते. तुम्ही जी बाई वाजवता, ती."

एक जण म्हणाला, "भावा, कोणे?" दुसरा ओरडला, "अरे ओरिजिनल! ओरिजिनल मावशी लाइव्ह!" हसणं. मग तिसरा बोलला. अगदी आदरानं बोलला, तेच माझ्या डोक्यातून जात नाही. "नमस्कार मावशी. आम्ही फार मोठे फॅन आहोत आपले. एकदा लाइव्ह कराल का? छोटंसं. ते वंऽऽ फक्त."

मी म्हणाले, "पोरांनो, माझी मुलगी मेली तेव्हाचं ते रडणं आहे. आमच्याकडे असं रडणं ऐकलं की माणूस उठून येतं. वैरी असला तरी येतो. तुम्ही ऐकलं. रोज ऐकता. तुम्ही यायला पाहिजे होतं."

कुणी बोललं नाही. मला वाटलं, पोचलं. खरंच वाटलं. मग टॅबच्या खालच्या कोपऱ्यात अक्षरं उमटली. तोंडानं बोलायचं नसलं की ही मुलं तिथं लिहितात. मी चौथी शिकले आहे, मराठी वाचते. ती इंग्रजी अक्षरं होती. तन्मयनं वाचली. हसू फुटत होतं ते त्यानं ओठ चावून दाबलं. मी बघितलं.

"काय लिहिलंय?"

"काही नाही मावशी."

"वाच."

"अहो असंच काहीतरी आहे."

"तन्मय, वाच."

इतक्या वर्षांत मी त्याला पहिल्यांदा नुसतं नावानं हाक मारली. वहिनी दारात आल्या होत्या. त्यांच्या मागे साहेब. दोघांनी ते ऐकलं. मी हेडफोन सोडत नव्हते. तन्मयनं आईकडे पाहिलं. मग त्यानं खाली मान घालून, शाळेतला धडा वाचावा तसं वाचलं.

"तिला विचार, घरात अजून कोणी मरणार आहे का. हे जुनं झालं."

घरात अजून कोणी. माझ्या घरात एकच आहे.

मी हेडफोन टेबलावर नीट ठेवला. तोवर मी समजत होते की ह्यांना माहीत नाही. माहीत नाही म्हणून हसतात, सांगितलं की थांबतील. इतके दिवस मी दारोदार सांगत फिरले ते याच आशेनं. त्यांना माहीत होतं. पहिल्या दिवसापासून. माझी मुलगी मेली होती म्हणूनच तर त्यात मजा होती. नुसत्या ओरडण्याला कोण हसतं? आणि ह्या घरातल्या मोठ्यांनाही माहीत होतं. त्यांनी फक्त खिडकी लावली.

वहिनी म्हणाल्या, "तन्मय, बंद कर तो टॅब, आत्ताच्या आत्ता." मग माझ्याकडे वळल्या. "पण मावशी, तुम्ही असं त्याच्या खोलीत शिरायला नको होतं. मित्रांसमोर. त्यालाही काही मान आहे."

"पोळ्या डब्यात आहेत," मी म्हणाले. "उद्यापासून येणार नाही."

वहिनी आत गेल्या आणि पिशवीत घातलेली कोरी साडी घेऊन आल्या. "मनाला लावून घेऊ नका. ही ठेवा. तेव्हा द्यायची राहूनच गेली."

मी म्हणाले, "दुखवट्याची साडी रडायला आलेल्या माणसानं द्यायची असते वहिनी. तुम्ही आला नव्हता."

साहेब मागून म्हणाले, "भलाईचा जमानाच राहिला नाही." मी चपला घातल्या.

घरी चालत आले. भर दुपार. दीपालीची शाळा सुटलेली. एवढ्या लवकर मी कधी येत नाही. बोळात वळले आणि ऐकू आलं. माझं रडणं. माझ्याच खोलीतून.

मी पळाले. या वयात पळाले. पोर भिंतीला टेकून बसली होती, फोन मांडीवर. मी तो ओढून घेतला.

"कोनं लावलं हे? कोन हाय तो?"

ती दचकली नाही. "दे आजी. मॅच सुरू हाय."

"तुले माहीत हाय हे काय हाय ते?"

"हो. तू होय."

"कधीपासून?"

"लय दिवसापासून."

मी खाली बसले. तिनं मग सांगितलं, हिशोब सांगावा तसं सरळ. एकदा टीममध्ये एक अनोळखी मुलगा लागला. त्याच्याकडे ते होतं. तिनं पहिल्याच ओळीला ओळखलं. मग तिनंच त्याला रिक्वेस्ट पाठवली, आपल्याला टीममध्ये घे म्हणून. ती चांगली खेळते, त्यानं घेतलं. तेव्हापासून त्याच्याच टीममध्ये. माइक कधी चालू करत नाही. काही सांगायचं तर लिहून. ही कोण, हे त्या टीमला माहीत नाही.

"कोनी डाऊन झालं की तो लावते," ती म्हणाली. "म्हणून मी जानूनबुजून गोळी खाते."

"काहून वं?"

"त्याच्यात आईचं नाव हाय. कोनीच घेत नाही आता तिचं नाव. तू बी घेत नाही."

मी घेत नव्हते. ती आल्यापासून तिच्यासमोर एकदाही रडले नव्हते. जरा हळू, असं मला सांगितलं होतं. कामाच्या घरातलं उरलेलं अन्न डब्यात आणावं तसं मी ते घरी घेऊन आले होते. पोरीला वाढत होते. पोरीसमोर गप्प राहायचं, हेच शहाणपण, असं मला वाटत होतं. आणि पोर तिकडे त्या पोरांच्या पायाशी सरपटत होती, आईचं नाव ऐकायला.

"अन् ते हसतात, ते?"

"हसू दे. हसायच्या आधी थोडंसं असते. तेवढं ऐकते."

मी तिला जवळ ओढली. ठरवलं, आता रडते. तिच्यासमोर, मोठ्यानं, सगळी वस्ती ऐकू दे. बाया येतील, येऊ देत. तोंड उघडलं. "सुमे वं..." आणि थांबले.

तो माझा गळा नव्हता. तो त्या बटणातला होता. त्याच्या मागून आता हसणं येणार म्हणून माझेच कान वाट बघत होते. पुन्हा म्हटलं. मी माझीच नक्कल करत होते. तिसऱ्यांदा नुसती हवा आली. आईकडून आलेला, आजीकडून आलेला गळा. तोही त्यांनी नेला होता.

दीपालीनं माझ्या तोंडावर हात ठेवला. "राहू दे आजी. मोबाईलमंधलं चांगलं हाय."

याच्याहून वाईट मला आयुष्यात कुणी बोललं नाही. आणि ती मायेनं बोलली होती.

त्याच्या दुसऱ्या दिवसापासून मी त्या बिल्डिंगमध्ये जाते. वर नाही. खाली पार्किंगमध्ये, लिफ्टसमोर फरशीवर बसते. पोटापुरतं पहाटे एका खाणावळीत पोळ्या लाटते. वॉचमन म्हणतो, "आजी उठा, माझी नोकरी जाईल." त्याला मी म्हणते, तू मला उचल आणि बाहेर ठेव, मी परत येईन, तुझं काम तू केलंस. वहिनी लिफ्टमधून निघतात आणि किल्लीकडे बघत गाडीपाशी जातात. समोरच्या फ्लॅटमधले आजोबा एकदा थांबले. "उपोषण का? मागण्या काय आहेत आपल्या?" मी सांगितलं. ते म्हणाले, "अवघड आहे," आणि दूध आणायला गेले.

मागणी एकच आहे. चौघांनी यायचं. तन्मयनं, ओंकारनं, नारायण पेठेतल्यानं, आणि बाहेरगावचा असेल त्यानं गाडी पकडून. माझ्या खोलीत यायचं, माझ्या नातीसमोर जमिनीवर बसायचं, आणि सुमनचं नाव घेऊन सांगायचं, तुझी आई मेली त्यावर आम्ही हसलो. माफी मागायची नाही. सॉरी मी ऐकलंय. नुसतं सांगायचं, आणि मग पोर जे म्हणेल ते खाली बसून ऐकायचं. तिनं काहीच म्हटलं नाही तर तेही ऐकायचं.

ते आलेले नाहीत. येतील असं मला वाटत नाही. साहेब म्हणाले, पोलिसांना सांगावं लागेल. सांगा. मला पोलिसांसमोरही हेच सांगायचं आहे. गळा गेला तरी जीभ आहे. लिफ्टला येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला मी मजला आणि नाव घेऊन सांगते. कुणी कानात वायर घालतं. कुणी जिन्यानं जातं. माझी पोर मोठी होईपर्यंत मी इथं बसेन. मी मेले तर पुढचं ती ठरवेल. पण आता ती कुणाच्या बटणासाठी गोळी खाणार नाही. रोज संध्याकाळी घरी गेले की मी तिला तिच्या आईची एक गोष्ट सांगते. चाल लागत नाही. कोरडी सांगते. ती ऐकते की नाही, कळत नाही. फोन अजून तिच्या मांडीवर असतो.

नवीन भाडेकरू विचारतात, ही म्हातारी कोण, इथं का बसते. मी वाशीमकडची. पुण्यात लोकांच्या पोळ्या लाटून म्हातारी झाले. सुमन माझी मुलगी होती, आणि ते रडणं माझं आहे.